स्टेअरिंग वाजतंय

परवा एका गॅरेजात ग्रीसचा वास आला आणि पिंपरी पेंढारचं आमचं अंगण आठवलं. वडील साखर कारखान्यात फिटर होते. त्यांनी हौसेनं घेतलेली जुनी गाडी आण्याच्या घाटात वळणावळणाला खडखडायची. एका रविवारी त्यांनी पुढची चाकं फळ्यांच्या थरावर चढवली, गोणपाट अंथरलं आणि पाना घेऊन गाडीखाली शिरले. स्टेअरिंग हलवायला कुणीतरी हवं होतं. मी ओट्यावर लसूण सोलत होते, म्हणून त्यांनी आईला हाक मारली. ड्रायव्हरच्या सीटवर आई पहिल्यांदाच बसली, पदर खोचून, स्टेअरिंग दोन्ही हातांनी घट्ट धरून. "डावीकडं. आता उजवीकडं. लई न्हाई, थोडंच," वडील खालून सांगत होते. चाकं वळवणाऱ्या रॅकवर हात ठेवून त्यांनी ठोका नेमका पकडला आणि रॅकचा नट जरासा आवळला. जास्त आवळला तर स्टेअरिंग जड होतं, म्हणून पुन्हा हलवायला लावलं. खडखड थांबली होती, मला ओट्यावरसुद्धा कळलं. "झालं, उतर आता," वडील म्हणाले. समोर गोठ्याची भिंत होती, पण आई लांबवरचा रस्ता दिसावा तशी बघत होती. "न्हाई, वाजतंय अजून," ती म्हणाली. वडिलांनी पाना बाजूला ठेवला, हात छातीवर घेतले आणि डोळे मिटून म्हणाले, "बरं, हलव मग." आता घाटात गाडी आईच चालवते. शेजारच्या सीटवरून वडील विचारतात, "वाजतंय का गं अजून?" रस्त्यावरची नजर न काढता ती म्हणते, "लई."