कोंबडीचं सोवळं

नोव्हेंबरचा दुसरा शनिवार. कोंबडीच्या तंगड्या बारा, वजन एक किलो चारशे ग्रॅम, किंमत चौदा युरो साठ सेंट. रेगेन्सबर्गच्या आमच्या घरात तेव्हा हजर माणसं तीन: मी, माझी बारा वर्षांची मुलगी आणि साताऱ्याहून तीन महिन्यांच्या व्हिसावर आलेल्या सासूबाई. बायको कामासाठी म्युनिकला गेली होती, ती रविवारी दुपारी परतणार होती.

हे आकडे आठवतात, कारण ते मी एका तक्त्यात लिहिले होते. तक्ता केला होता मुलीच्या मैत्रिणीसाठी. त्या मुलीला दोन वर्षांपूर्वी त्स्योलियाकी, म्हणजे सीलिअॅक, हा आजार निघाला. गहू, बार्ली, राय यांतलं ग्लुटेन कणभर जरी पोटात गेलं तरी ती दोन-तीन दिवस आडवी होते. तेव्हापासून वाढदिवस असो की शाळेची सहल, ती स्वतःचा डबा घेऊन जाते. सगळ्यांसमोर एकाच ताटातलं जेवण असतं आणि हिच्या मांडीवर डबा. माझ्या मुलीने तिला सांगून टाकलं होतं की आमच्याकडे ये, आम्ही जे खाऊ तेच तू खाशील. तिच्या आईला होकार द्यायला तीन आठवडे लागले. डबा न घेता ती पहिल्यांदाच दुसऱ्याच्या घरी जेवणार होती.

मुलीला मराठी सगळं समजतं, पण उत्तर ती जर्मनमध्ये देते. तिचं बोलणं मी इथे मराठीत लिहितो.

"बाबा, मी तिला शब्द दिलाय," ती म्हणाली.

"शब्द तू दिलास आणि स्वयंपाक मी करायचा."

"गेनाऊ," ती म्हणाली. म्हणजे अगदी बरोबर.

ओव्हनमधली कुरकुरीत कोंबडी ही माझी एकमेव खात्रीची डिश. आमचं स्वयंपाकघर बैठकीच्या खोलीतच आहे आणि थंडीत खिडक्या बंद असतात. तळलं की चार दिवस कोटांना वास येतो, म्हणून मी तळणं सोडून ओव्हनकडे वळलो. दही आणि मसाल्यात मुरवलेल्या तंगड्यांना कॉर्नफ्लेक्सचा चुरा लावायचा, जाळीवर ठेवायच्या आणि चाळीस-पंचेचाळीस मिनिटं भाजायच्या. चुरा रव्यासारखा बारीक करायचा नाही, आणि त्याला आधी चमचाभर तेल चोळून ठेवायचं. इतकंच त्यातलं गुपित.

कॉर्नफ्लेक्स मक्याचे, म्हणजे चालतील, असं मीही समजत होतो. दुकानात पाकीट उलटून पाहिलं तर त्यात बार्लीचं माल्ट. तीन पाकिटं वाचून झाल्यावर आडवी रेघ मारलेल्या ओंबीचं चिन्ह असलेलं चौथं घेतलं. ते दुपटीने महाग होतं. घरी येताना मी स्वतःवर बराच खूश होतो.

शनिवारी सकाळी तंगड्या मुरत घातल्या आणि दहा वाजता तक्ता मैत्रिणीच्या आईला पाठवला. नऊ ओळी, प्रत्येकीपुढे ग्रॅम. पावणेदोनला उत्तर आलं: "मनापासून आभार. इतकं नेमकं आम्हाला कुणीच लिहून दिलं नव्हतं. फक्त सहाव्या ओळीतला 'घरचा मसाला' म्हणजे काय?"

सहावी ओळ होती: घरचा मसाला, अठरा ग्रॅम. वजन मी काट्यावर दोनदा केलं होतं. त्यात काय आहे हा प्रश्न मला पडलाच नव्हता. तो मसाला सासूबाईंनी स्वतः करून, दोन किलो, प्लास्टिकच्या तीन पिशव्यांत गुंडाळून आणला होता. तो आमच्या घरात मिठासारखा होता. मिठात काय आहे हे कोण विचारतं?

मी वही घेऊन सासूबाईंसमोर बसलो. त्या सोफ्यावर पाय वर घेऊन मटार सोलत होत्या.

"आई, तुमच्या मसाल्यात काय काय असतं?"

"का? तिखट झाला?"

"नाही, त्या मुलीच्या आईला सांगायचंय."

"जर्मन बाईला मसाला करायचाय?" त्या खूश झाल्या आणि सांगू लागल्या. मिरची दोन जातींची, धणे, खोबरं, तीळ, खसखस, दगडफूल, नागकेशर. मी लिहीत होतो आणि मुलगी शेजारी बसून फोनवर एकेकाचं जर्मन नाव शोधत होती. शेवटी त्या म्हणाल्या, "आणि तेलात फुलवून घेतलेला खडा हिंग."

हिंगाचं जर्मन नाव आमच्या डबीवरच असेल म्हणून मी कपाटातली डबी काढली. इथल्या भारतीय दुकानातल्या प्रत्येक वस्तूवर जर्मन पट्टी चिकटवलेली असते आणि ज्याने कुणाला त्रास होऊ शकतो ते ठळक अक्षरात छापलेलं असतं. पट्टीवरचा पहिलाच शब्द ठळक होता. गव्हाचं पीठ.

"ती तुमची पुडीची डबी," सासूबाई म्हणाल्या. "मी खडा घालते. खड्यात पीठ कुठून येणार?"

साताऱ्यात संध्याकाळचे साडेसहा झाले होते. मेव्हण्याच्या बायकोला फोन लावला. तिने खड्या हिंगाचा डबा शोधला आणि फोटो पाठवला. पाठीमागे बारीक अक्षरात घटक दिले होते: मैदा, डिंक, हिंग. हिंग शेवटी.

सासूबाईंनी फोटो दोन बोटांनी मोठा करून पाहिला. मग फोन परत दिला.

"म्हणजे चाळीस वर्षं मी हिंग म्हणून मैदाच तळतेय म्हणा की," त्या म्हणाल्या आणि पुन्हा मटार सोलू लागल्या. पण एकेका शेंगेला त्यांना फार वेळ लागत होता.

यानंतर मी जे केलं ते सांगायला हवं. मी आकडेमोड केली. दोन किलो मसाल्यात हिंग अंदाजे पंचवीस ग्रॅम. अठरा ग्रॅम मसाल्यात सव्वादोनशे मिलिग्रॅम. बारा तंगड्यांत वाटले तर एकीला एकोणीसच्या आत. ती दोन खाईल, आणि हिंगातलं सगळंच काही पीठ नसतं. आकडा फार लहान येत होता. तंगड्या चार तास मुरल्या होत्या.

"बाबा, तू हिशोब करतोयस का?" मुलीने विचारलं.

"नुसतं बघतोय."

"ते तिच्या आईला विचार. कॅल्क्युलेटरला नको."

मी वही मिटली आणि त्या बाईंना जसं होतं तसं लिहिलं. दोन मिनिटांत उत्तर आलं: "सांगितलंत, बरं झालं. काळजी करू नका, मी तिच्याबरोबर डबा देते. तिला सवय आहे."

मुलीने ते माझ्या खांद्यावरून वाचलं. पाहुणी सहाला येणार होती आणि आत्ता सव्वादोन झाले होते. मी लिहिलं: "पाचपर्यंत थांबा. नवीन यादी पाठवतो. ती बघून ठरवा."

शनिवारी खाटकाचं दुकान दुपारनंतर बंद, म्हणून सुपरमार्केट गाठलं. दहा तंगड्या, अकरा युरो नव्वद. नवीन दही, बेकिंग पेपरची नवीन गुंडाळी, भांडी घासायचा नवीन स्पंज. परत आलो तेव्हा सासूबाई ओट्यासमोर उभ्या होत्या. मुलगी त्यांना त्या मैत्रिणीच्या आईने पूर्वी पाठवलेलं नियमांचं पत्रक मोडक्या मराठीत वाचून दाखवत होती. भांडी वेगळी. चमचा वेगळा. लाकडी उलथनं नको. पिठाला हात लागला तर धुतल्याशिवाय दुसऱ्या कशाला लावायचा नाही. आधी तिचं अन्न करायचं, मग बाकीच्यांचं.

"कळलं," सासूबाई म्हणाल्या. "हे सोवळं."

"आजी, सोवळं वास इस्ट दास?" म्हणजे ते काय असतं, असं मुलीने विचारलं.

"शिवायचं नाही. माझ्या सासूने गौरीच्या नैवेद्याला मला यावरून पुरतं छळलं. ओलं लुगडं नेसून कुडकुडत पुरण वाटलंय मी. तेव्हा मी म्हणायचे, देवीला काय कळतंय, कुठल्या पळीने ढवळलं ते." त्या थांबल्या. "या पोरीला मात्र कळतं म्हणजे."

मी पिशवी ओट्यावर ठेवायला पुढे झालो.

"जावईबापू, मागे व्हा. सकाळी तुम्हीच कणकेचा डबा उघडला होतात. हात?"

"धुतलेत."

"कोट?"

कोट काढला. त्यांनी स्वतःचा गाऊन बदलला, कारण जुन्यावर सकाळच्या पोळ्यांचं पीठ होतं. ओटा दोनदा पुसला. स्टीलचा खलबत्ता पाण्यात उकळून घेतला. ओव्हनची जाळी आणि पातेली नव्या स्पंजने घासली. मी ओव्हनमधला पंखा बंद ठेवून फक्त वरखालची उष्णता लावायचं ठरवलं, म्हणजे ओव्हनच्या कोपऱ्यातला जुना चुरा उडणार नाही. त्यांना ही कल्पना पसंत पडली.

"शिकताय," त्या म्हणाल्या.

मसाल्याला त्यांनी फक्त अख्खे जिन्नस घेतले. मिरे, लवंग, दालचिनी, सुक्या मिरच्या. प्रत्येक मला दाखवून मगच खलात टाकला. मी ओट्यापासून दोन पावलं लांब उभा राहून लिहीत होतो. या वेळी यादीत एकही नाव असं नव्हतं ज्याच्या पोटात दुसरं नाव आहे. चारला यादी पाठवली, सोबत दह्याच्या आणि कॉर्नफ्लेक्सच्या पाकिटांचे फोटो. मग आम्ही तिघं फोनकडे बघत बसलो.

"कोंबडीचं सोवळं," सासूबाई म्हणाल्या. "माझी सासू असती तर एकदा कोंबडीने गेली असती आणि एकदा तिच्या सोवळ्याने."

चार वीसला उत्तर आलं: "डबा देत नाही."

मुलगी उठून तिच्या खोलीत गेली आणि दार लावून तिने मैत्रिणीला फोन केला. दारातूनही ऐकू येत होतं.

मुरायला जेमतेम तासभर मिळाला. दोनशे अंश, पन्नास मिनिटं, कारण पंखा बंद होता. मध्ये एकदा उलटवल्या. सगळ्यात जाड तंगडीत थर्मामीटर घातला तर चौऱ्याऐंशी. बाहेर काढून जाळीवरच ठेवल्या, झाकल्या नाहीत. झाकलं की वाफेने कवच मऊ पडतं. पहिली तंगडी ताटात ठेवताना चुऱ्याचा कुरकुरीत आवाज आला आणि मला हायसं वाटलं.

ती मुलगी उंच होती आणि फार हळू बोलत होती. टेबलावर एकच मोठं ताट होतं. तिने ते बघितलं, मग माझ्या मुलीकडे बघितलं.

"यातलं कुठलं माझं?"

"सगळंच," माझी मुलगी म्हणाली.

तिने तीन खाल्ल्या. तिसरी घेताना सासूबाईंकडे बघून हसली. सासूबाईंनी मला मराठीत विचारलं, "तिखट नाही ना लागत तिला?" मी म्हटलं, तिसरी चालू आहे. जेवणानंतर दोघी खोलीत जाऊन बसल्या. मी हाडं मोजली तर नऊ. म्हणजे एक तंगडी कुणीतरी खोलीत नेली होती.

आठ वाजता तिची आई येऊन तिला घेऊन गेली. पण माझं काम संपलं नव्हतं. रविवारी सकाळी उठल्यापासून मी फोन जवळ ठेवला. सव्वानऊला निरोप आला: "शांत झोपली. पोट ठीक आहे. नाश्त्याला तेच हवंय म्हणते." मी तो मोठ्याने वाचला. सासूबाई चहा गाळत होत्या. त्यांनी गाळणी खाली ठेवली, खुर्ची ओढली आणि बसल्या. "चला," एवढंच म्हणाल्या.

दुपारी बायको म्युनिकहून आली. आम्ही पहिल्या बारा तंगड्या खाल्ल्या, हिंगासकट. चांगल्याच झाल्या होत्या. जेवण आवरत होतं तेवढ्यात बेल वाजली. ती मुलगी आणि तिची आई दारात. मुलगी मफलर विसरली होती. तिच्या आईने माझ्या हातात पाच युरोची नोट ठेवली.

"ते कॉर्नफ्लेक्स किती महाग असतात हे मला ठाऊक आहे," ती म्हणाली. "प्लीज घ्या. म्हणजे तिला पुन्हा पाठवायला मला संकोच वाटणार नाही."

इथल्या रीतीने ते बरोबर होतं. पाकीट चार युरो एकोणतीसचं होतं. मी एकाहत्तर सेंट सुटे शोधायला वळलो.

"काय करताय?" सासूबाईंनी मागून विचारलं. मी सांगितलं. "पोर पहिल्यांदा जेवायला आली आणि तिच्या आईकडून पैसे घेणार? आणा ती नोट."

त्यांनी ती घेतली, दाराशी गेल्या आणि मुलीचा हात उघडून तिच्या तळव्यावर ठेवली. मुठीवर स्वतःचा हात दाबला. मुलीला काही कळेना. माझ्या मुलीने समजावलं की आमच्यात पहिल्यांदा घरी जेवून गेलेल्या मुलाला मोठी माणसं असं देतात, आणि ते परत करायचं नसतं.

तिच्या आईने एकदा माझ्याकडे पाहिलं आणि मग लेकीला म्हणाली, "मग घे."

शेवटी दिले गेले ते पाच युरो. दिले सासूबाईंनी, त्या मुलीला.