अदी हक्क म्हणाल्या होत्या

फाळणीनंतर सिंधमधून आलेल्या निर्वासितांच्या कॅम्पात पाण्यावरून दगडफेक झाली, तेव्हा मी तिथल्या शाळेत मराठी शिकवत होतो. कॅम्पाचा पाइप अंबरनाथच्या बाजूने एका कामगार चाळीच्या दारावरून येई. चाळीला त्यातलं थेंबभर मिळत नसे, आणि कॅम्पातही धार जेमतेमच. चाळ म्हणे, निर्वासितांना सगळं फुकट मिळतं. कॅम्प म्हणे, चाळ पाइप फोडून पाणी पळवते. डोकी फुटली, जमावबंदी लागली.

कॅम्पाचं पुढारपण तेव्हा एका विधवा बाईंकडे होतं. सगळे त्यांना अदी म्हणत, म्हणजे सिंधीत थोरली बहीण. तरुण पोरं म्हणत होती, पाइपावर लाठ्या घेऊन बसू. अदी म्हणाल्या, चाळीला बरोबर घेऊन प्रांतसाहेबांकडे जाऊ. सत्संगाच्या नावाखाली बराकीत बैठक भरली. चाळीतले काहीजण आले. त्यांचा म्होरक्या बदलापूरकडचा शेतकरी, कारखान्यात लागलेला.

अदी सिंधीत बोलत, मी मराठीत सांगे. त्या म्हणाल्या, पाणी आमचा हक्क आहे. मला ते फार ताठ वाटलं. आश्रयाला आलेल्यांनी जरा नमून बोलावं, असं माझ्याही मनात कुठेतरी होतं; हे लिहायला आज लाज वाटते. मी सांगितलं, "अदी म्हणतात, आम्हाला पाण्यासाठी मदत करा."

म्होरक्या उठलाच. "मदत? मास्तर, आमचेच हंडे उपडे पडलेत. चला रे."

मदत हा शब्द अदींना कळला. त्या शांतपणे हिंदीत म्हणाल्या, "मास्तरजी, भीख माँगनी होती तो मैं अकेली जाती. मैंने हक़ कहा था."

मी सगळ्यांसमोर चूक दुरुस्त केली. मदत हा शब्द माझ्या पदरचा होता, हेही सांगितलं.

म्होरक्या दारातच थांबला. "हक्काचं बोलत असाल तर आमचा पण धरा त्यात. आमच्या दारावरनं जातंय पाणी."

"और नहीं तो क्या," अदी म्हणाल्या. "बैठो भाई. साहब के सामने मास्तरजी चुप रहेंगे."

बराक हसली. मीही हसलो, आणि म्होरक्या खाली बसला.

प्रांतसाहेबांकडे दोघे मिळून बोलले, मी खरंच गप्प राहिलो. उन्हाळ्याआधी चाळीला नळ आला. अदी कॅम्पातल्या बायकांना घेऊन तिथे चहाला गेल्या, मलाही ओढून नेलं. नव्या नळाच्या पाण्याला गंजाचा वास होता. मी चहा दोनदा मागून घेतला.