पडद्याशेजारी उभं राहून

साउथहॅम्प्टनला सिनेमाचा अभ्यास करायला निघाले तेव्हा बाबांनी चिपळूणच्या अख्ख्या आळीत पेढे वाटले होते. आता चार महिने झाले, इथे एक माणूस आपल्याशी धड बोलत नाही आणि मला परत यायचंय, हे त्यांना सांगायचं कोणत्या तोंडाने? दर रविवारी फोनकार्ड खरवडायचं आणि 'मजेत आहे हो!' असं ठोकून द्यायचं. मजा कसली, डोंबलाची! हाउसमेट्स 'यू ऑलराइट?' विचारायच्या आणि उत्तर ऐकायच्या आत जिना चढून जायच्या. एवढा राग यायचा ना, आणि त्याहून जास्त रडू.

त्या टर्मला जुने जपानी मूकपट होते. तिकडे म्हणे पडद्याशेजारी एक निवेदक उभा राहायचा आणि सगळ्या पात्रांचं बोलणं स्वतःच म्हणायचा. सरांनी आम्हाला तेच करायला लावलं, आपापल्या भाषेत. माझ्या वाट्याला तीन मिनिटांचा तुकडा आला. खेड्यातून तोक्योला शिकायला आलेला मुलगा, अंगात किमोनो, डोक्यावर कॉलेजची कोरी टोपी. खिडकीबाहेर ट्राम, विजेचे दिवे, आणि हा भाड्याच्या खोलीत वडिलांना पत्र लिहितोय.

मी चांगलं लिहून नेलं होतं. पण पडद्यावरचा तो मुलगा लेखणी उचलून नुसताच बसला, आणि माझा कागद राहिला बाजूला; मी त्याच्या वतीने भलतंच बोलत सुटले.

"बाबा, इथे दिवसच्या दिवस मी कुणाशी बोलत नाही. तुम्हाला वाटतं मी मोठा होतोय. मी नुसता खोलीत बसून असतो. मला घरी यायचंय हो."

चित्र संपलं, पांढरा पडदा उरला, तरी मी बोलतच होते. मग टाळ्या पडल्या. काय लिहिलं त्याने, असं सरांनी विचारलं. मी म्हटलं, गरम कपडे मागवलेत.

रविवारी बाबांपुढे याची फुशारकी मारायला गेले आणि फसले.

"मराठीत? अरे वा! मग म्हणून दाखव की!"

टाळता येईना. सगळं म्हटलं, एक शब्द न गाळता. मला वाटलं, कार्ड संपलं.

"त्या मुलाला सांग," बाबा हळूच म्हणाले, "पत्र पोचलं. बाप रागावलेला नाही. सामान बांध म्हणावं... ऐकतेयस ना गं?"