रेडिओतले सेल
काल बॅटरीचं मागचं झाकण उघडलं आन् जुन्या सेलांचा तो गंजका वास आला, तशी गडमुडशिंगीची ती सांज आठवली. घरात चांगले सेल दोनच, कधी बॅटरीत, कधी मामंजींच्या रेडिओत. लाईट गेलती, चूल धुमसत हुती, आन् माझ्या दीड वर्साच्या लेकाच्या घशात बोराची आठळी अडकली. श्वास नुसता शिट्टीवानी वाजाय लागला. सासूबाई वरडल्या, "अगं बॅटरी आण! अंधारात बोट घातलं तर आत जाईल की!" बॅटरी रिकामी. मामंजी तालमीच्या कट्ट्यावर रेडिओवर कुस्ती ऐकत बसलेले, भोवती सगळी गडीमाणसं. लगीन झाल्यापास्नं मी त्यांच्याशी येक शब्द बोलले नव्हते, आमच्यात सुना सासऱ्याशी बोलतच न्हाईत. तशीच पळत गेले, पदर कुठं पडला कळलं न्हाय. "आवं, सेल द्या! पोरगं मरतंय!" कोनतरी म्हणालं, "आरं, कुणाची सून ही?" मामंजींनी रेडिओ पालथा केला, सेल मुठीत धरले आन् माझ्या म्होरं अनवाणी पळत सुटले. घरात बॅटरी त्यांनीच धरली, पन हात असा कापत हुता की उजेड भिंतीवरच नाचाय लागला. मी त्यांचं मनगट घट्ट धरलं, तवा उजेड घशात थिरावला, आन् सासूबाईंनी आठळी वडून काढली. पोरगं भोकाड पसरून रडलं. मामंजी म्हणाले, "सोड की पोरी आता हात." मोठ्या माणसांपुढं तोंड उघडायची मला अजून भीती वाटती. पन मामंजींना काय सांगायचं असलं, तर मधी कुणाला घालत न्हाय.