बाबांचं नाव पुकारलं तेव्हा ते दुसऱ्या रांगेत होते

"विश, हे धर." एवढं म्हणून त्या पोराने हातातली फाइल माझ्या बाबांच्या छातीवर टेकवली आणि स्वतः एसीच्या गार झोतात जाऊन उभा राहिला.

पोरगा अठरा वर्षांचा. बाबा पंचेचाळिशीचे. त्यांचं नाव विश्वनाथ. आईने जन्मात कधी त्यांना नावाने हाक मारली नव्हती. आणि हा, त्यांच्या साहेबाचा मुलगा, त्यांना विश म्हणत होता. बाबांनी फाइल धरली. दोन्ही हातांनी.

दुबईच्या ट्रॅफिक खात्याचं ऑफिस. नव्वदीतली गोष्ट. गुरुवार होता, तेव्हा तिकडे शाळेला गुरुवार-शुक्रवार सुट्टी, म्हणून सोळा वर्षांची मी बाबांबरोबर गेले होते. त्या दिवशी त्यांची ड्रायव्हिंग टेस्ट होती.

टेस्ट म्हणजे काय ते ऐका. बाबांनी सांगलीत वर्षानुवर्षं जीप चालवली होती. ते लायसन्स इथे रद्दी. इथे पुन्हा शिकाऊ म्हणून नाव घालायचं, क्लास करायचे, मग महिनोन्महिने टेस्टच्या तारखेची वाट बघायची. त्या दिवशी चौघांना एका गाडीत बसवायचे, शेजारी पोलीस. 'यल्ला' म्हणाला की गाडी सुरू, 'खलास' म्हणाला की उतरा. संपली टेस्ट. बाबा आधी नापास झाले होते. का, ते कोणी सांगत नसे. साहेबाचा देश इंग्लंड. तिथे सतराव्या वर्षीच लायसन्स मिळतं. ते असलं की दुबईत टेस्टबिस्ट काही नाही. अठरा पुरी झाली की खिडकीवर जायचं, डोळे तपासायचे, फोटो द्यायचा आणि इथलं लायसन्स घेऊन घरी यायचं.

आमचं सगळं त्या टेस्टवर अडलं होतं. कंपनीची शारजाची शाखा बाबांना मिळणार होती. घर कंपनीचं, गाडी कंपनीची. अट एकच, लायसन्स हवं. ते नसेल तर वाढलेलं भाडं आणि आमच्या शाळा बाबांच्या पगारात बसत नव्हत्या. म्हणजे आई, मी आणि धाकटा भाऊ सांगलीला परत. बाबा इथे एकटे. आईने सकाळी निघताना बाबांच्या हातावर दही घातलं.

आम्ही पोचलो न पोचलो तोच बाबांचा पेजर वाजला. ते फोन बूथवर गेले, मी बाजूलाच उभी होते. साहेबाचं म्हणणं, मुलगा अठराचा झालाय, त्याचं लायसन्स बदलून घ्यायचंय, त्याला तिथलं काही कळत नाही, तू आहेसच तर तेवढं बघ. बाबा म्हणाले, "सर, टुडे माय टेस्ट, सर." पलीकडून साहेब काहीतरी हसत बोलला. बाबा म्हणाले, "ओके सर. नो प्रॉब्लेम सर."

मग पोरगा आला. स्वतः गाडी चालवत आला. इथलं लायसन्स नसताना! गेटवर कोणी हटकलं नाही.

बाबा त्याची फाइल घेऊन खिडकीच्या रांगेत. मी मागच्या अंगणात, टेस्टवाल्या माणसांत, बाबांच्या जागी उभी. एकेक नाव पुकारलं जात होतं. माझा जीव टांगणीला लागला होता. आणि बाबांचं नाव आलंच. मी पळत सुटले.

"बाबा, तुमचं नाव पुकारतायत!"

बाबा खिडकीपाशी पोचले होते. आतला माणूस पोराचं नाव टाइप करत होता. बाबांनी माझ्याकडे पाहिलं. पोराकडे पाहिलं. तो एसीखाली च्युइंगगम चघळत होता.

"एक मिनिट, बाळा. हे तेवढं होऊ दे."

मी परत पळाले. पोलिसाला तोडक्यामोडक्या हिंदीत म्हटलं, येतायत, माझे बाबा येतायत. माणूस वाईट नव्हता. थांबला थोडा. मग गाडीतल्या तिघांकडे बघून म्हणाला, "खलास, बेटी." गाडी निघून गेली. तिघांना घेऊन.

बाबा आले तेव्हा त्यांच्या हातात लायसन्स होतं. नुकतंच लॅमिनेट केलेलं, त्यावर पोराचा फोटो. पोराने ते घेतलं, उलटसुलट बघितलं आणि इंग्रजीत म्हणाला, "विश, तुला गाडी कशी येत नाही रे? माझी आजीसुद्धा चालवते."

बाबा हसले. हो, हसले. मला ते हसू अजून गिळता आलेलं नाही.

पोराला देरा भागातल्या वडिलांच्या ऑफिसात जायचा रस्ता माहीत नव्हता. म्हणाला, बसा. बाबांनी माझ्यासाठी मागचं दार उघडलं.

"मी नाही बसणार."

"हट्ट करू नकोस. लोक बघतायत."

"बघू देत."

बाबांनी दार लावलं आणि ते पुढे पोराच्या शेजारी जाऊन बसले, रस्ता दाखवायला. मी उन्हातून बसस्टॉपपर्यंत चालत गेले. रडत गेले. पोरापेक्षा बाबांचा राग जास्त आला होता. तो राग मी पुढे कित्येक वर्षं सांभाळला. खोटं कशाला बोलू.

पुढच्या तारखेला बाबा पास झाले. तोवर शारजा दुसऱ्याला गेलं होतं. शाळेचं वर्ष संपलं आणि आम्ही तिघं सांगलीला. बाबा देऱ्यात, बंकबेडच्या खोलीत. दोन वर्षांनी महिनाभर यायचे, पाहुण्यासारखे. आपल्याच घरात पाणी मागताना संकोचायचे. आईच्या डोळ्यांदेखत तिचा संसार टेलिफोनवर गेला.

शिकले, नोकरी धरली आणि दोन हजार सालानंतर मीच दुबईला आले. बाबांबरोबर राहीन म्हटलं. वर्षभरही मिळालं नाही. त्याच बेडवर त्यांचं हृदय थांबलं.

शोकसभेला मराठी मंडळी जमली. देवमाणूस, म्हणाले. साहेबही आला, केस पिकलेला. त्याचे डोळे खरंच ओले होते. म्हणाला, "विश मला कधीच 'नाही' म्हणाला नाही."

माना डोलल्या. मी उठले.

"सर, ते म्हणाले होते. आज माझी टेस्ट आहे, असं म्हणाले होते. तुम्ही हसलात. आणि त्यापुढे ते काय बोलणार? त्यांचा व्हिसा तुमच्या हातात होता."

साहेबाला आठवेना. खरंच आठवेना. मराठी मंडळातल्या एक काकू माझा पदर ओढून पुटपुटल्या, अगं ही वेळ आहे का? मी पदर सोडवून घेतला.

माझे बाबा देवमाणूस नव्हते. घाबरलेला माणूस होते, बायकापोरांत राहायला मिळावं एवढंच मागणारा. ते त्यांच्याकडून हिसकावलं आणि वर त्याला सज्जनपणा म्हटलं. आता माझ्यासमोर कोणी त्यांना देवमाणूस म्हटलं की मी तिथेच थांबवते आणि त्या सकाळी काय झालं ते सगळं सांगते. जेवणाची पंगत असो, नाहीतर ऑफिस. माझ्या व्हिसावर सही करणारा समोर बसलेला असला, तरी सांगणार.