सोमवारी कुणी खाली उतरायचं नाही

बर्मा बॉर्डरवरच्या त्या चौकीचा ताबा मी घेतला तेव्हा मी हवालदार होतो. पंचाण्णवच्या आसपासची गोष्ट. चौकीवर आम्ही अठरा जण. डोंगराच्या धारेवर चार बंकर, एक लंगर म्हणजे स्वयंपाकघर, एक रेडिओ सेट. पिण्याचं पाणी खाली नाल्याजवळच्या झऱ्यावर, जायला चाळीस मिनिटं. नाला हीच हद्द. पलीकडच्या उतारावर बर्मी फौजेची चौकी, तिथे दहा-बारा जवान.

एक गोष्ट आधीच नीट समजून घ्या. आमची पाण्याची वाट दाट जंगलातून उतरायची. ती आमच्या चौकीवरून दिसायची नाही, पलीकडच्या चौकीवरून मात्र पुष्कळशी दिसायची. त्या जंगलात बंडखोर फिरायचे. त्यांचं भांडण दोन्ही सरकारांशी. ते आमच्या वाटेत सुरुंग पुरायचे. कोण आलं, कुठे बसलं, कुठे खणलं, हे बर्मी जवानांना दिसायचं आणि आम्हाला नाही.

नायक पांडुरंग पाणी-पार्टीचा कमांडर. माझ्याच जिल्ह्यातला. मी रोह्याकडचा, निडीचा, भात आणि वाल पिकवणाऱ्या घरातला. तो पेणच्या खाडीकाठचा, बाप मिठागरावर. रजेवरून येताना पठ्ठ्या बापाच्या मिठागरातलं जाडं मीठ पिशवी भरून आणायचा. लंगरच्या मिठाला नावं ठेवायचा.

"ह्ये मीठ हाय का पीठ? तुमी भातवाले, तुमाला काय कलनार!"

एकदा झऱ्यावर त्याची पलीकडच्या सार्जंटशी गाठ पडली. सार्जंटचे आजोबा नेपाळचे, त्यामुळे माणूस मोडकी हिंदी बोलायचा. त्यांचं रेशन खेचरांवरून यायचं, तेही महिना-दीड महिन्याने. नाल्यातले मासे खारवायला त्यांच्याकडे मीठ नव्हतं. पांडूने आपली पिशवी देऊन टाकली. पुढच्या खेपेला सार्जंट म्हणाला, "मोड़ के पास मत जाना. कल आदमी बैठा था उधर." आम्ही शोधलं. वळणावर सुरुंग निघाला.

तेव्हापासून नेम पडला. दर सोमवारी सकाळी आठ वाजता झऱ्याजवळच्या सपाट दगडावर पाच किलो मीठ ठेवायचं. सार्जंट यायचा, दोन विड्या ओढायचा आणि आठवड्याची खबर द्यायचा. पांडूची पिशवी संपल्यावर मी लंगरमधून मीठ काढू दिलं. त्या खबरीवर वर्षभरात आणखी दोन सुरुंग निघाले.

आता माझा गाढवपणा ऐका. सार्जंटचा उल्लेख मी एकाही रिपोर्टमध्ये केला नाही. परक्या फौजेशी परस्पर देवाणघेवाण म्हणजे चार्जशीटच. म्हणून तिन्ही वेळा लिहिलं, 'गस्तीच्या तुकडीने सुरुंग शोधला.' वरून शाबासकी आली. मी पाठ थोपटून घेतली.

पुढे दोन्ही देशांचा व्यापाराचा करार झाला. आमच्यापासून दिवसभराच्या अंतरावर, खालच्या रस्त्यावर, गेट उघडायचं ठरलं. काय जाणार, काय येणार, सगळी यादी ठरली. यादीबाहेरचं आणि गेटबाहेरचं सगळं बंद. करार वाईट होता असं मी म्हणत नाही. शेजाऱ्याशी धंदा करायलाच हवा. पण शेजार म्हणजे काय ते झऱ्यावरच्या दगडापाशी येऊन कुणी बघितलं नाही, याचा मला आजही संताप येतो.

कंपनी कमांडर मेजर साहेब रेडिओवर आले.

"अल्फा टू, बॉर्डरवर कोणतीही देवाणघेवाण नाही. पलीकडच्या लोकांशी संपर्क नाही. बोलणं फक्त ठरलेल्या फ्लॅग मीटिंगमध्ये. अ‍ॅकनॉलेज. ओव्हर."

मी सेट हातात घेऊन उभा होतो. 'साहेब, आमच्या वाटेचे डोळे पलीकडे आहेत,' एवढंच म्हणायचं होतं. पण मग तिन्ही रिपोर्ट खोटे ठरले असते.

"अल्फा टू, रॉजर. आउट."

मूग गिळून बसलो. पांडूला बोलावून सांगितलं. त्याचं डोकं सणकलं.

"हवालदार, सायबांना सांगा तरी, तो मानूस आपल्याला काय देतो त्ये!"

"ऑर्डर आहे."

"आवो पन जीव जातील!"

"नायक पांडुरंग, ऑर्डर आहे. सोमवारी आठ वाजता कुणी खाली उतरायचं नाही. उद्यापासून पाणी-पार्टी सहाला निघेल, सातला परत फिरेल. त्याची-तुमची गाठ पडता कामा नये."

तो सावधान उभा राहिला. "जी, हवालदार." मित्रासारखं एक अक्षर बोलला नाही. त्याचं मला तेव्हा वाईट वाटलं, पण राग जास्त आला. कुणाचा ते कळत नव्हतं.

त्याच आठवड्यात आमच्या वाटेवरचे सुरुंग शोधणारा माइन डिटेक्टर खाली मागवून घेतला. गेटच्या उद्घाटनाला दोन्हीकडचे मोठे लोक येणार होते, रस्ता तपासायचा होता. मी दोनदा परत मागितला. "कार्यक्रम झाल्यावर मिळेल." आमच्या पोरांनी काठ्यांनी आणि संगिनींनी जमीन टोचत वाट काढायची. डोंबलाची मैत्री!

दोन सोमवार गेले. तिसऱ्या सोमवारी पार्टी सहाला निघाली. पांडू पुढे, मागे तिघं. सहा चाळीसला खालून धमाका ऐकू आला.

मी धावत निघालो. चाळीस मिनिटांची वाट पंधरा-सतरा मिनिटांत उतरलो. झऱ्याच्या अलीकडे वाटेवर पांडू पडला होता. डावा पाय गुडघ्याखाली नव्हता. त्याच्या शेजारी सार्जंट गुडघ्यांवर बसला होता आणि स्वतःच्या कमरेच्या पट्ट्याने त्याची मांडी आवळत होता. त्याचे दोन जवान बांबू तोडून स्ट्रेचर बांधत होते. तिघांकडेही हत्यार नव्हतं. नाला ओलांडून ते आमच्या हद्दीत आले होते, आमच्या पार्टीच्या बंदुका समोर असताना.

सार्जंटने माझ्याकडे पाहिलं. ओरडला नाही. ओरडला असता तर बरं झालं असतं.

"दो सोमवार आया मैं. आठ बजे. बैठा रहा. तुम लोग नहीं आया. कल शाम को देखा मैंने, इधर खोद रहे थे. आज आठ बजे फिर आता. किसको बोलता, हवालदार? किसको?"

मी पार्टीच्या वॉकी-टॉकीवरून चौकीला हेलिकॉप्टर मागवायला सांगितलं. डोंगर ढगात होते, नऊच्या आधी उडता येणार नाही असं कळलं. आम्ही स्ट्रेचर उचललं. चढावर सार्जंटने एक बाजू धरली होती. पांडू शुद्धीवर होता. दोनदा पाणी मागितलं. अर्ध्या चढावर मी सार्जंटला म्हणालो, "अब तुम जाओ. किसी ने इधर देख लिया तो लफड़ा होगा." त्याने बांबू माझ्या जवानाच्या खांद्यावर दिला आणि मागे वळून न पाहता उतरून गेला. माझ्या जवानाचा जीव वाचवायला आलेल्या माणसाला मी असं हाकललं.

आठ वाजून दहा मिनिटांनी पांडू गेला. चौकी अजून शंभर पावलं वर होती.

रिपोर्टमध्ये वेळ, जागा, जखम, सगळं लिहिलं. सार्जंटचा उल्लेख याही वेळी केला नाही. चार दिवसांनी गेट उघडलं. फोटो आमच्याकडे शिळ्या पेपरात आला. हार, झेंडे, दोन साहेब हात मिळवतायत. मी तो पेपर चुलीत घातला.

दोन महिन्यांनी रजा मिळाली. पेणला उतरून पांडूच्या गावी गेलो. म्हातारा ओट्यावर बसला होता. सुनेला म्हणाला, "चा ठेव गो, हवालदार आलाय." मग मला विचारलं, "पांडूनं चिठ्ठीत लिवलं व्हतं, तिकडं एक सारजंट हाय, सगलं सांगतो. मंग या टायमाला का नाय सांगलं त्यानं?"

उत्तर माझ्या तोंडापर्यंत आलं होतं.

"काय माहीत, बाबा," मी म्हणालो.

"आमचं मीठ खाल्लं नि गप बसला. हरामखोर!"

मी मान हलवली. हो, मान हलवली. चहा प्यायलो आणि चारच्या एसटीने निडीला आलो.

पुढे पेन्शनवर आलो. आता रोह्यात कंपनीच्या गेटवर सिक्युरिटीत आहे. दर वर्षी पांडूच्या दिवशी शिफ्ट बदलून घेतो आणि त्याच्या गावी जातो. शाळेत त्याचा फोटो आहे, त्याला हार घालतात. दर वर्षी म्हातारा चार लोकांसमोर त्या सार्जंटला शिव्या घालायचा. बोलून बोलून सगळं गाव तेच म्हणायला लागलं, की बर्मी लोक बेइमान. आणि मी पहिल्या खुर्चीवर बसून ऐकत असायचो.

मागच्या वर्षी म्हातारा वारला. या वर्षी हार घालून झाल्यावर मी पांडूच्या घरी गेलो. वहिनी वालाच्या शेंगा सोलत बसल्या होत्या. मी उभ्यानेच सगळं सांगितलं. रिपोर्ट, ऑर्डर, बदललेली वेळ, दगडावर बसून राहिलेला सार्जंट, त्याचा पट्टा, मी त्याला घालवून दिलं ते. वाटलं होतं, हाकलून देतील. द्यायलाच हवं होतं.

त्यांनी शेंगांचं सूप बाजूला सारलं.

"भाऊजी, तुमचं तुमी बगा. मी काय बोलू तुमाला?" त्या म्हणाल्या. "पन म्या रोज देवापुढं बसून त्या मानसाचं वाटोलं मागितलंय. इतकी वर्सं. आता त्ये मागं घ्यायचं तर देवाला नाव सांगाया होवं. काय नाव त्याचं?"



वर्षभर तो माणूस आमचे जीव राखत होता. माझ्या जवानाचं रक्त थांबवायला त्याने आपला पट्टा आवळला होता. मला त्याचं नाव माहीत नव्हतं. मी कधी विचारलंच नव्हतं.

पांडूला माहीत होतं.