उताराचा वाद

फरशी बसवणाऱ्या त्या गृहस्थाला सगळे ‘मुद्दे’ म्हणत. ते काही त्याचं आडनाव नव्हे, दर दोन वाक्यांमागे “मुद्दा काय आहे?” विचारायची खोड, तीच नावाला चिकटली. वादात त्याचा हात धरणारा कुणी नव्हता. सिमेंटवाला, घरमालक, भाजीवाली, सगळे शेवटी हात टेकायचे आणि स्वारी खुशीत घरी यायची.

धाकटा भाऊ त्याच्याच हाताखाली शिकला, आता जोडीने काम करायचा. पूर्वी तोही तावातावाने भांडायचा. अलीकडे मात्र एकच उत्तर, “तुझंच खरं, दादा.” फरशीवर बोट वाजवून खालची पोकळी ओळखणाऱ्या मुद्देला ते शब्दही पोकळ वाजायचे. पण जिंकलेल्या माणसाने कशाला खोलात शिरावं?

मग बायकोने बातमी आणली. “भाऊजी दुसरीकडे काम बघतायत म्हणे. जाऊबाईच सांगत होत्या.”

भावाशिवाय काम ही कल्पनाच मुद्देला सोसेना.

सकाळी तो कामावरच्या न्हाणीघरात शिरला तो भावाला थांबवायचे मुद्दे पाठ करूनच. सुरुवात करण्याआधी सवयीने उतार बघायला त्याने बादली ओतली. पाणी जाळीकडे जायचं सोडून सरळ दाराकडे निघालं. धाकट्याने मुकाट्याने पाय बाजूला घेतले.

“तुला आधीच दिसलं होतं?”

“हो.”

“मग बोलला का नाहीस?”

“बोललो होतो की. दोनदा. दोन्ही वेळा तू जिंकलास.”

मुद्देने छन्नी उचलली. “चुकलं माझं,” तो अडखळत म्हणाला. जिभेला सवयच नव्हती. “आता उतार तू काढ.”

धाकटा म्हणाला, “ठेव ती छन्नी. कडेनेच कुणी फोडतं का? मधून घे.”

“मधून कशाला? मुद्दा काय—”

“मुद्दा गेला खड्ड्यात! भिंतीच्या फरश्या तडकल्या म्हणजे?”

किती महिन्यांनी तो आवाज चढला होता! दोघे दुपारपर्यंत कचाकचा भांडले आणि मुद्दे सपशेल हरला. संध्याकाळी हात धुता धुता धाकटा गुरगुरला, “उद्या लवकर ये. आणि मी उतार काढताना मध्ये तोंड घालू नकोस.”

उद्या म्हणाला! मुद्देचा जीव भांड्यात पडला. उशिरा कोण येतं यावर त्याला बरंच बोलता आलं असतं, पण तो एक शब्दही न बोलता घराकडे निघाला.